मुका सिनेमा, बोलकी फुलं
(सोसायटीच्या हॉलमध्ये ‘सिटी लाइट्स’ दाखवल्यानंतर केलेलं छोटंसं भाषण)



सिनेमा संपला तरी कोणी उठलं नाही, म्हणून दोनच मिनिटं घेतो.

मूकपटात आवाज नाही. मग मनातलं सांगायचं कसं? पाट्या तरी किती दाखवणार? अशा वेळी फूल कामाला येई. ग्रिफिथच्या ‘ब्रोकन ब्लॉसम्स’मध्ये (१९१९) बापाचा मार खाणारी मुलगी बाजारात एका फुलासाठी आसुसते, पण तेवढे पैसे नसतात. तिच्या नशिबात काय आहे, ते तिथेच कळतं.

‘सिटी लाइट्स’ १९३१चा. बोलपट येऊन तीन वर्षं उलटली होती, तरी चॅप्लिनने तो बिनसंवादाचाच ठेवला. सुरुवातीला फूलवालीच्या हातून फूल पडतं. चार्ली ते उचलतो, ती मात्र चाचपडतच राहते. ती आंधळी आहे हे त्याला तेव्हा कळतं. तो नाणं देतो. मोटारीचं दार वाजतं, आणि तिला वाटतं, कोणी श्रीमंत साहेब सुटे न घेताच गेले.

शेवटी तिला दृष्टी आलेली, स्वतःचं दुकान झालेलं. तुरुंगातून सुटलेला चार्ली रस्त्याकडेचं टाकलेलं फूल उचलतो. तिच्याकडे बघता बघता त्याच्या पाकळ्या गळतात. ती हसत ताजं फूल आणि एक नाणं देऊ करते, आणि हाताच्या स्पर्शाने त्याला ओळखते.

मी बँकेतला माणूस. मला वाटलं, फूल परत आलं, नाणंही परत आलं, हिशेब जुळला. पण तिच्या मनातला तो श्रीमंत साहेब गेला, त्याची नोंद कुठे करायची? आता ती याला आपला म्हणेल का? चॅप्लिन सांगत नाही.

कॉलेजात हा सिनेमा मी हसण्यासाठी पाहिला होता. मग संसार झाला. दर शुक्रवारी स्टेशनबाहेरून हिच्यासाठी गजरा आणायचो. ही गेल्यानंतर पहिल्यांदाच त्या बाजूला गेलो, तर गजरेवालीने नेहमीचा गजरा बांधूनच पुढे केला. मला सांगता आलं नाही. पैसे दिले, गजरा घेतला, घरी येऊन फोटोला घातला. त्यानंतर ‘सिटी लाइट्स’ पुन्हा पाहिला तेव्हा तो शेवट मला समजला.

मंडळी, गजरे मी पुष्कळ आणले, पण मनातलं तोंडाने एकदाही बोललो नाही. आपला काही मूकपट नाही. घरी जाताना फूल जरूर न्या, आणि सोबत दोन शब्दही बोला.