रायफलीची नळी आणि सफाईची दोरी

विहिरीच्या काठाचा दगड आणि पोहऱ्याचा दोर यांत कठीण कोण, असें विचारलें तर लहान मूलही दगडाचेंच नांव घेईल. तरीही जुन्या विहिरींच्या काठावर ज्या खोल खाचा दिसतात, त्या दोरानेंच पाडलेल्या असतात. दोराला चिकटलेली वाळू, ओढण्याची नित्याची एकच दिशा आणि दीर्घ काळ, या तिहींचें साह्य मिळालें म्हणजे मऊ वस्तु कठीण वस्तूला कापूं शकते. रायफलीची नळी साफ करण्याच्या दोरीविषयीं जें कांहीं समजून घ्यावयाचें, त्याचें सार या खाचेंत आहे. नळी पोलादाची आणि दोरी सुताची. परंतु दोरी मळकट असली व ओढणारा हात तिरपा पडला, तर गोळीबारानें होत नाहीं एवढी हानि सफाईनें होते.

ही हानि कोणत्या जागीं होते व ती एवढी महत्त्वाची कां, हें कळण्यासाठीं नळीची रचना ध्यानांत घेतली पाहिजे. हिंदुस्थानांत सर्वांत अधिक परिचित झालेली रायफल म्हणजे ली-एन्फील्ड. पहिल्या महायुद्धांत मेसोपोटेमियाच्या वाळूंत लढलेल्या मराठा पलटणींच्या खांद्यावर हीच होती. बंगालमधील इशापूरच्या कारखान्यांत ती वर्षानुवर्षें तयार झाली. आणि सैन्यानें तिला निरोप दिल्यानंतरही अनेक राज्यांच्या पोलिसांनीं ती दीर्घकाळ वापरली. उत्तर प्रदेशाच्या पोलिसांनीं तर ती २०२० सालीं बाजूला ठेवली. तिच्या आंखूड नमुन्याची नळी २५.२ इंच लांब असून आंतील पोकळीचा व्यास ०.३०३ इंच असतो. पोकळीच्या भिंतींत डावीकडे वळत जाणारे पांच चर कोरलेले असतात आणि दर दहा इंचांस त्यांचा एक फेरा पूर्ण होतो. या चरांमुळें गोळीला भोंवऱ्यासारखी फिरकी मिळते, आणि त्या फिरकीच्या बळावर ती न डळमळतां सरळ जाते.

नळीचा आणि गोळीचा शेवटचा स्पर्श नळीच्या पुढच्या तोंडाशीं होतो. तेथील कड सर्व बाजूंनीं सारखी असेल, तर गोळीमागून येणारा वायु सर्व बाजूंनीं एकाच क्षणीं मोकळा होतो. ती एका अंगास झिजलेली असेल, तर वायु त्या अंगास आधीं निसटतो व बाहेर पडणाऱ्या गोळीच्या बुडाला बाजूनें धक्का देतो. हा धक्का अत्यल्प असला तरी दोनशें यार्डांवर जातां जातां त्याचें अंतर वाढत जातें. नेमबाजाचा हात स्थिर, दृष्टि निर्दोष, आणि गोळी मात्र भलतीकडे, असा प्रकार अशा वेळीं घडतो. स्पर्धेच्या मैदानावर यांत फार तर कांहीं गुण जातील. परंतु बंदोबस्तावरील शिपायाच्या हातीं तीच रायफल असेल, तर चुकलेली गोळी कोणाला लागेल हें सांगतां येत नाहीं.

पूर्वीं बंदुकीखालीं लोखंडी गज असे. ली-एन्फील्डच्या आरंभीच्या नमुन्यालाही नळीखालीं सळई होती. १८९९ च्या सुधारलेल्या नमुन्यांत ती काढून टाकण्यांत आली. तिची जागा दोरीनें घेतली. इंग्रजींत तिला ‘पुल-थ्रू’ म्हणतात. बराकींतल्या बोलींत तिचें ‘फुलथ्रू’ झालें आहे. तिच्या एका टोंकाला पितळी वजन असतें आणि दुसऱ्या बाजूस सामान्यतः तीन फांसे असतात. वजनाकडील पहिला फांसा तारेच्या जाळीसाठीं, दुसरा कापडाच्या चिंदीसाठीं आणि अगदीं टोंकाचा तिसरा, दोरी अडकल्यास ती मागें ओढून काढण्यासाठीं. ही दोरी गुंडाळून तेलाच्या लहान कुपीसह रायफलीच्या दस्त्यांतील पोकळींत ठेवतां येते. शिपायाला आपलें सफाईचें साहित्य सतत जवळ बाळगतां यावें, हा या योजनेचा मोठा गुण होय.

दोरी निवडतांना पहिली परीक्षा स्वच्छतेची व अखंडपणाची. जिचे पदर उसवले आहेत, जिला मध्यें गांठ मारलेली आहे किंवा जी तेलानें चिकट होऊन मातीनें माखली आहे, ती दोरी नळींत घालूं नये. उसवलेली दोरी नळींत तुटते, आणि मातीनें माखलेली दोरी कानशीचें काम करते. दुसरी परीक्षा वजनाची. तें पितळेसारख्या, पोलादाहून मऊ धातूचें असावें. तिसरी परीक्षा मापाची. ०.३०३ च्या नळीची चिंदी ०.२२ च्या नळींत कोंबली तर ती हमखास अडकते. उलट लहान नळीची चिंदी मोठ्या नळींतून नुसती फिरून येते, चरांच्या तळाशीं पोंचत नाहीं.

दोरीखेरीज अन्य प्रकारही आहेत. जर्मन सैन्याच्या १९३४ च्या नमुन्याच्या सफाईपेटींत दोरीऐवजीं ॲल्युमिनियमची बारीक सांखळी असे. ती कुजत नाहीं व उसवत नाहीं. पण तिरपी ओढली तर तीही कड झिजवते. अलीकडे सापासारखी जाड विणलेली दोरी मिळते; तिच्यांतच पितळी केसांचा ब्रश गुंफलेला असतो व एका ओढींत घासणें आणि पुसणें दोन्ही होतात. शिकारीच्या किंवा स्पर्धेच्या ठिकाणीं ती सोयीची आहे. परंतु तिची चिंदी बदलतां येत नाहीं. एकदां काढलेला मळ तिच्याच अंगांत राहतो. वारंवार धुऊन, पूर्ण वाळवून वापरणाऱ्यानेंच ती घ्यावी. घरीं वा शस्त्रागारांत, जेथें जागा व सवड आहे तेथें, मागच्या तोंडांतून मार्गदर्शक नळी बसवून चालविलेली अखंड, गुळगुळीत सळई हेंच उत्तम साधन. दोरी ही मुख्यतः मैदानावरची सोबतीण होय.

आतां वापराची रीत. प्रथम रायफल सुरक्षित दिशेला धरून मॅगझिन काढावें, बोल्ट काढावा, आणि कोठींत काडतूस नाहीं याची डोळ्यानें व बोटानें अशी दुहेरी खात्री करावी. यापूर्वीं नळीच्या तोंडापुढें हात नेऊं नये. चार इंच लांब व दोन इंच रुंद अशी फलाणीची कोरडी चिंदी दुसऱ्या फांशांत मधोमध बसवून दोरीभोंवतीं गुंडाळावी. वजन नेहमीं मागच्या तोंडांतून सोडावें, म्हणजे चिंदी गोळीच्याच मार्गानें जाते आणि मळ कोठींत न सांचतां बाहेर पडतो. दस्ता जमिनीवर टेंकवून दोरी नळीच्या अगदीं सरळ रेषेंत, एका दमांत, मध्यें न थांबतां ओढावी. दोघे असल्यास एकानें रायफल धरावी व दुसऱ्यानें ओढावें. दोरी पुढच्या तोंडाच्या कडेस स्पर्शूं देऊं नये. एवढा एक नियम पाळला तरी नळीचें आयुष्य वाढतें. चिंदी स्वच्छ बाहेर येईपर्यंत ही क्रिया करावी आणि शेवटीं अर्धा इंच कमी रुंदीच्या चिंदीला तेल लावून एकवार ओढावी. रुंदी कमी एवढ्यासाठीं, कीं घट्ट चिंदींतील तेल कोठींतच पिळून निघतें आणि नळी कोरडी राहते.

तारेच्या जाळीचा मोह मात्र आवरावा. ती गंजाच्या किंवा कडक मळाच्या प्रसंगींच, तेल लावून, जाणत्याच्या देखरेखीखालीं वापरावयाची असते. रोज जाळी ओढून नळी आरशासारखी चमकविणारा शिपाई तपासणीच्या दिवशीं शाबासकी मिळवील. पण ती चकाकी चरांच्या धारेची किंमत देऊन घेतलेली असते. चिंदी अडकली तर तिसऱ्या फांशानें ती मागें ओढण्याचा प्रयत्न करावा. तेवढ्यानें न सुटल्यास रायफल शस्त्रागारांतील कारागिराकडे द्यावी. जाळून किंवा सळईनें ठोकून ती काढण्याचा उद्योग करूं नये.

गोळीबारानंतरच्या सफाईंत आणखी एक गोष्ट येते, आणि तेथें नुसती दोरी पुरत नाहीं. जुन्या काडतुसांच्या टोपींत पोटॅशियम क्लोरेट असे. तें जळलें म्हणजे पोटॅशियम क्लोराइड उरतें. हा क्षार जातीनें मिठाचा सख्खा भाऊ. पावसाळ्यांत मिठाची बरणी जशी ओलावते, तसा तोही हवेंतील ओलावा ओढून घेतो व पोलादाला गंज चढवतो. कोंकणासारख्या दमट, खाऱ्या हवेच्या प्रदेशांत तर एक रात्रही पुरते. पूर्वीं या गंजाचा दोष दारूच्या धुराला दिला जाई. अमेरिकेच्या खाणखात्यांतील रसायनशास्त्रज्ञ विल्बर्ट हफ यांनीं १९२२ सालीं प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांनीं टोपींतील हा क्षारच मूळ कारण असल्याचें दाखविलें. तेलाच्या थराखालींही तो आपलें काम करीत राहतो. क्षार तेलांत विरघळत नाहीं, पाण्यांत विरघळतो. म्हणून अशीं काडतुसें वापरल्यावर त्याच दिवशीं, मागच्या तोंडांत नरसाळें बसवून उकळतें पाणी नळींतून ओतावें. पाणी क्षार नेतें आणि तापलेली नळी आपोआप लवकर वाळते. त्यानंतर कोरड्या चिंद्या, मग तेल. आणि पुढील कांहीं दिवस नळी पुनःपुन्हां पाहावी. क्षाररहित टोप्या जर्मनींत १९२८ पासून निघाल्या व आज त्याच सर्वत्र प्रचलित आहेत; परंतु जुन्या सांठ्यांतील काडतूस हातीं आल्यास पाण्याला पर्याय नाहीं.

तेल लावून ठेवलेली नळी गोळीबारापूर्वीं कोरडी पुसली पाहिजे, हेंही अनेकदां विसरलें जातें. तेलकट नळींतून सुटलेली पहिली गोळी पुढच्या गोळ्यांच्या जागीं पडत नाहीं, आणि कर्तव्यावर पुष्कळदां पहिली गोळी हीच एकमेव असते.

सफाई नीट झाली कीं नाहीं हें पाहण्यास महाग उपकरण नको. मागच्या तोंडाशीं पांढऱ्या कागदाचा तुकडा तिरपा धरावा आणि पुढून उजेडांत पाहावें. पांचही चर अखंड, धारदार व कडेपर्यंत सारखे दिसले पाहिजेत. कडेशीं एखादी फिकट खाच दिसूं लागली, तर दोष त्या रायफलीचा नसतो. तो ओढणाऱ्या हाताचा असतो, आणि तो हात त्याच दिवसापासून सरळ करावा लागतो. झिजलेलें पोलाद परत येत नाहीं. दोरीची किंमत कांहीं आण्यांची असो वा शेंकडों रुपयांची. ती स्वच्छ राहिली व सरळ ओढली गेली, तरच नळी तिच्या हातीं निर्धास्तपणें सोंपवितां येते.