मुलांचा सिनेमा : बाजाराबाहेरचा



1955 साली भारतात बालचित्र समिती स्थापन झाली. सई परांजपे यांनी पुढे तिचं अध्यक्षपदही सांभाळलं. समितीसाठी श्याम बेनेगल यांनी 1975 मध्ये ‘चरणदास चोर’ केला. हबीब तन्वीर यांच्या नाटकावरचा हा सिनेमा. चोरी करणारा, पण दिलेला शब्द न मोडणारा नायक! स्मिता पाटील यांची सुरुवातीची भूमिका यातलीच. मात्र असे चित्रपट थिएटरात क्वचितच लागले.

अलीकडचं उदाहरण आसामचं. रीमा दास यांचा ‘व्हिलेज रॉकस्टार्स’. लेखन, दिग्दर्शन, कॅमेरा, संकलन, सगळं एकहाती, तेही स्वतःच्या गावात आणि गावातल्याच मुलांना घेऊन. यातल्या धुनू या मुलीला गिटार हवी असते. ती येईपर्यंत पोरगी थर्माकोलची गिटार करते, आणि ऐटीत वाजवते! मुलांबरोबर झाडावर चढते म्हणून बायका नावं ठेवतात, तेव्हा आई लेकीच्या पाठीशी उभी राहते. पुरात पिकं बुडतात, पण रडारड नाही. मला या सिनेमाचं मोल तिथंच वाटतं. मुलांना शहाणपण पाजायचा सोस त्यात नाही. 2018 मध्ये त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

मराठीत अविनाश अरुण यांचा ‘किल्ला’ आहेच. बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात 2014 मध्ये लहान मुलांच्याच परीक्षक मंडळानं त्याला क्रिस्टल बेअर हा पुरस्कार दिला.

शिक्षकहो, शाळेत पडदा आणि प्रोजेक्टर असेल, तर यातला एखादा चित्रपट मुलांना जरूर दाखवा. आणि नंतर प्रश्नपत्रिका काढू नका!