पडद्यावरील गृहिणी

दूरचित्रवाणीने गृहिणीला एक चेहरा दिला: हसरा, तत्पर, स्वयंपाकघरातच कृतार्थ. तो तिने स्वतः निवडला होता काय? अमेरिकन कलावंत मार्था रॉस्लर यांनी १९७५ साली ‘सेमिऑटिक्स ऑफ द किचन’ या सुमारे सहा मिनिटांच्या कृष्णधवल चित्रफितीत हाच प्रश्न उभा केला. पाककृतींच्या कार्यक्रमातील सुगरणीप्रमाणे त्या एकेक उपकरण वर्णानुक्रमाने दाखवतात. पण चेहऱ्यावर हसू नाही. सुरी हवेत भोसकली जाते, पळीतले काल्पनिक सार भिरकावले जाते. शेवटची अक्षरे त्या हाती काटा-सुरी घेऊन स्वतःच्या देहानेच रेखाटतात. व्हिडिओ कॅमेरा प्रक्षेपण केंद्रांबाहेरच्या माणसांच्या हाती आला, म्हणूनच हे घडू शकले. राबणाऱ्या स्त्रीची प्रतिमा कोणाच्या मालकीची, हा प्रश्न तिच्या श्रमाच्या मोलापासून वेगळा काढता येणार नाही.