फलंदाजीचा गुरू : चार्ली लाऊ

स्वतःची विद्या बेताची आणि शिष्य मात्र दिग्विजयी, असे गुरू संगीतात आढळतात, कुस्तीच्या आखाड्यात तर हमखास आढळतात. अमेरिकेतील बेसबॉलच्या जगात असा एक गुरू होऊन गेला. त्याचे नाव चार्ल्स रिचर्ड लाऊ. सारे त्यास चार्ली म्हणत.

बेसबॉल आपल्याकडे फारसा खेळला जात नाही. तथापि क्रिकेट जाणणाऱ्या श्रोत्यांस त्याचे मर्म समजण्यास अडचण पडू नये. साडेसाठ फुटांवरून गोलंदाज चेंडू फेकतो. चेंडू टप्पा घेत नाही; ताशी नव्वद मैलांच्या वेगाने सुटला, तर सुमारे चार दशांश सेकंदात तो फलंदाजापाशी येऊन ठेपतो. बॅट सपाट नव्हे, मुसळासारखी गोल. गोल चेंडू गोल दांड्याने नेमका टोलवावयाचा, आणि तोही मैदानावरील नऊ जणांना चुकवून! यामुळे दहा प्रयत्नांपैकी तीनदा जो निर्वेध फटका मारू शकतो, तो तेथे थोर फलंदाज गणला जातो. त्याची सरासरी तीनशे झाली असे म्हणतात. सात वेळा अपयशी होऊनही जेथे मनुष्य थोर ठरतो, तेथे शिष्य सुधारतो आहे की केवळ दैव त्याला साथ देते आहे, हे शिक्षकाने ओळखावे तरी कसे?

लाऊचा जन्म १९३३ साली मिशिगन राज्यातील रॉम्युलस या गावी झाला. तो कॅचर होता. कॅचरची जागा आपल्या यष्टिरक्षकासारखी, परंतु फलंदाजाच्या इतकी निकट की त्याच्या पावलांची चाळवाचाळव व मनगटाची हालचाल हाताच्या अंतरावरून दिसावी. १९५६ ते १९६७ या काळात त्याने अकरा हंगाम वरिष्ठ संघांतून काढले. त्याची एकंदर सरासरी २५५ आणि मैदानाबाहेर धाडलेले टोले, म्हणजे होमरन, अवघे सोळा. त्याच्या वाट्याला मोठे दिवस आलेच नाहीत असे नव्हे. २८ एप्रिल १९६१ रोजी मिल्वॉकीच्या वॉरेन स्पानने प्रतिपक्षास एकही निर्वेध फटका मिळू दिला नाही, तेव्हा ती गोलंदाजी झेलण्यास लाऊ बसला होता. पुढे बाल्टिमोर संघात असताना, १३ जुलै १९६२ रोजी, दुसऱ्या बेसपर्यंत नेणारे चार फटके त्याने एकाच सामन्यात मारले व उच्चांकाची बरोबरी केली. त्या वर्षी त्याची सरासरी २९४ झाली.  ज्याला प्रत्येक फटका झगडून मिळवावा लागतो, त्याला तो का बसला व का हुकला याचा हिशेब ठेवावाच लागतो. उपजत प्रतिभेचा खेळाडू असल्या हिशेबाच्या वाटेस बहुधा जात नाही.

१९६९ मध्ये बाल्टिमोर, १९७० मध्ये ओकलंड आणि १९७१ पासून कॅन्सस सिटी रॉयल्स, असा लाऊच्या अध्यापनाचा क्रम. फलंदाजांच्या चित्रफिती पुन्हा पुन्हा पाहून त्याने आपले सिद्धान्त बसविले. फलंदाजाने दगडासारखे निश्चल उभे राहू नये. शरीरात थोडी लय असावी. भार प्रथम मागच्या पायावर घ्यावा व तेथून पुढे झोकावा. डोके खाली आणि नजर चेंडूवर असावी. बॅटीचा झोत पूर्ण होऊ द्यावा. त्यासाठी टोला बसल्यानंतर वरचा हात सुटला तरी हरकत नाही. आणि प्रत्येक चेंडू मैदानाबाहेर घालविण्याची हाव न धरता तो मध्यभागी किंवा विरुद्ध बाजूस सरळ मारण्यास शिकावे. हात सोडण्याविषयीच्या त्याच्या म्हणण्याचा पुढे फार विपर्यास झाला. टोला बसण्यापूर्वीच हात सोडणारेही निघाले!

१९७४ साली जॉर्ज ब्रेट हा एकवीस वर्षांचा तरुण कॅन्सस सिटीच्या संघात धडपडत होता. अर्धा हंगाम संपत आला तरी त्याची सरासरी दोनशेच्या आसपास रेंगाळत होती. अशा खेळाडूची पाठवणी पुन्हा खालच्या संघात होते, आणि तेथून परत येणारे थोडे. लाऊने त्यास हाती घेतले. उभे राहण्याच्या पद्धतीपासून सारे नव्याने शिकविले. हंगामाच्या अखेरीस ब्रेटची सरासरी २८२ होती. पुढील वर्षी ती ३०८ झाली, आणि १९७६ मध्ये ३३३ च्या सरासरीने तो अमेरिकन लीगमधील अव्वल फलंदाज ठरला.

तथापि शिक्षकाची नोकरी शिष्यांच्या सरासरीवर चालत नाही. रॉयल्स संघ १९७६, १९७७ व १९७८ अशी लागोपाठ तीन वर्षे अंतिम मालिकेच्या उंबरठ्यावर न्यूयॉर्क यँकीजकडून हरला. लाऊच्या शिकवणीने फटके वाढतात पण होमरन आटतात, असा त्याच्यावर आक्षेप घेतला जाई. १९७८ च्या हंगामानंतर संघाचा व्यवस्थापक व्हाइटी हर्झॉग याने त्याला रजा दिली. लाऊ १९७९ मध्ये गेला तो थेट यँकीजकडेच!

१९८० मध्ये ब्रेटने ३९० ची सरासरी गाठली. त्याच वर्षी, १० ऑक्टोबर रोजी, न्यूयॉर्कच्या मैदानावर रॉयल्स आणि यँकीज पुन्हा समोरासमोर आले. यँकीज एका धावेने पुढे होते. गॉसेज या अतिवेगवान गोलंदाजाचा चेंडू ब्रेटने उजवीकडच्या सर्वांत वरच्या सज्जात भिरकावला आणि एका टोल्यात तीन धावा केल्या. रॉयल्स प्रथमच अंतिम मालिकेत पोहोचले. शिष्याला होमरन मारता येणार नाहीत अशी शिकवण देणारा म्हणून ज्याच्यावर ठपका ठेवला जाई, तो गुरू त्या दिवशी हरलेल्या संघाच्या नोकरीत होता. त्या टोल्याचा त्यास आनंद झाला की विषाद, याची नोंद धावफलकावर थोडीच होते?

त्याच वर्षी त्याचे ‘द आर्ट ऑफ हिटिंग .३००’ हे पुस्तक प्रसिद्ध झाले. पुढे शिकागो व्हाइट सॉक्सने त्याच्याशी सहा वर्षांचा करार केला. शिक्षकांना वर्षावर्षाच्या बोलीवर ठेवण्याच्या व्यवसायात ही फार मोठी गोष्ट होती. १९८३ मध्ये ‘मॅक्स डुगन रिटर्न्स’ या चित्रपटात एका शाळकरी मुलास फलंदाजी शिकविणारा लाऊ म्हणून तो स्वतःच पडद्यावर आला. परंतु तोवर कर्करोगाने त्यास ग्रासले होते. १९८३ मध्ये शिकागोने ९९ सामने जिंकून आपला विभाग जिंकला. कराराची बाकी वर्षे मात्र लाऊच्या नशिबी नव्हती. १८ मार्च १९८४ रोजी फ्लॉरिडात तो वारला. एक्कावन्नावे वर्षही त्यास पुरे करता आले नाही.

वाद मागे उरला. १९४१ मध्ये ४०६ ची सरासरी करणारा बोस्टनचा टेड विल्यम्स कंबरेच्या झटक्याने टोला हाणावा या मताचा. लाऊची पद्धत त्यास मुळीच मान्य नव्हती व तो तसे उघड बोले. गंमत अशी की, त्याच्याच बोस्टन संघात १९७७ ते १९८८ या काळात लाऊचा अनुयायी वॉल्ट रिनियाक फलंदाजी शिकवीत होता. रिनियाक स्वतः वरिष्ठ संघांतून केवळ ४७ सामने खेळलेला. पण त्याच्या हाताखाली ड्वाइट एव्हान्स या बुजुर्ग खेळाडूची फलंदाजी पालटली. पुढे शिकागोत फ्रँक टॉमससारखा होमरनवीरही त्याच्याकडून शिकला.

ब्रेटने १९९० मध्ये तिसऱ्यांदा अव्वल फलंदाजाचा मान मिळविला. तीन वेगवेगळ्या दशकांत हा मान मिळविणारा तो पहिलाच. तेव्हा तो सदतीस वर्षांचा होता, आणि चार्ली लाऊला जाऊन सहा वर्षे लोटली होती.