कवंद: सिद्दी बायकांची गोधडी

आपल्या कोकणातल्या खारेपाटणात सापडलेला शिलाहार राजा रट्टराजाचा ताम्रपट इ.स. १००८चा. परदेशाहून येणाऱ्या गलबतांकडून कर घ्यावा, असं त्यात लिहिलंय. पुढे पोर्तुगीज काळात याच समुद्रावरून आफ्रिकेतली माणसंही गोव्यात आली, गुलाम म्हणून. त्यातली बरीचशी पळाली आणि घाट चढून उत्तर कन्नडच्या रानात शिरली. हल्याळ, यल्लापूर, मुंडगोडचे सिद्दी ते हेच. घरात त्यांची कोकणीच, पण मराठी-कानडीची सरमिसळ असलेली.

लेखी इतिहास त्यांच्याकडे नाही. गोधड्या मात्र आहेत. गोधडीला ते कवंद म्हणतात. जुन्या लुगड्यांचे, सदऱ्यांचे तुकडे घेऊन बाई कडेकडेने धावदोरा घालत आत आत येते. ख्रिस्ती घरच्या कवंदावर क्रूस दिसतो, मुसलमान घरच्यावर चंद्रकोर. चारही कोपऱ्यांवर घड्या घालून शिवलेली तिकोनी फुलं हवीतच. ती नसली तर कवंद उघडंनागडं, असं या बायका मानतात.

हेन्री ड्र्यूअल या अमेरिकी कला-अभ्यासकाने २००४च्या सुमारास या बायकांबरोबर गोधड्यांची सहकारी संस्था उभी केली आणि कवंदं थेट अमेरिकेतल्या प्रदर्शनांत पोचली. कौतुक त्याचंही झालं. पण माझ्या मते मोठेपण शिवणाऱ्यांचं.

यल्लापूरकडे जाणं झालं, तर कवंद जरूर पाहा. घ्यावंसं वाटलं, तर घासाघीस मात्र करू नका.