निळू फुले : दुय्यम भूमिकेतला मोठा माणूस



सिनेमा म्हटला की आपण नायक-नायिकेची नावे घेतो. परंतु खेड्यापाड्यातील माणसाला नायकाइतकाच ज्याचा चेहरा पाठ आहे, त्या निळू फुले यांच्याविषयी मी चार शब्द बोलणार आहे.

निळूभाऊंचा जन्म १९३० साली झाला. घरची परिस्थिती बेताची. पुण्याच्या सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयात त्यांनी माळीकाम केले. राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात त्यांच्यातील नट घडला. ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या लोकनाट्याने त्यांना नाव मिळाले आणि १९६८ साली अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’ या चित्रपटातील झेलेअण्णांच्या भूमिकेने ते पडद्यावर स्थिरावले. त्यानंतर सुमारे चाळीस वर्षे पाटील, सरपंच, सावकार, पुढारी अशी माणसे त्यांनी रंगविली. ‘कुली’ व ‘सारांश’ या हिंदी चित्रपटांतूनही ते दिसले. खेड्यातील बायाबापड्या त्यांना खरोखरच दुष्ट समजत. नटाला याहून मोठी पावती कोणती?

जब्बार पटेल यांचा ‘सामना’ आठवा. विजय तेंडुलकरांनी लिहिलेला हा चित्रपट १९७५ साली बर्लिनच्या महोत्सवात गेला होता. त्यात निळूभाऊ साखरसम्राट हिंदुराव धोंडे पाटील झाले होते आणि डॉ. श्रीराम लागू दारूच्या आहारी गेलेले मास्तर. मारुती कांबळे नावाचा माणूस नाहीसा झालेला आहे आणि त्याचे काय झाले, हे मास्तर विचारत राहतात. कांबळे हे आडनाव आपल्याला परके नाही. तो प्रश्न आपल्या काळजाला भिडतो, याचे श्रेय मास्तरांइतकेच हिंदुरावांनाही आहे. हे हिंदुराव ओरडत नाहीत. पाहुणचार करतात, हसतात, विकासाच्या गोष्टी सांगतात. जुलूम असाच गोड बोलत येतो, हे निळूभाऊंनी दाखविले.

बँकेच्या काउंटरवर बसणाऱ्या माझ्यासारख्याला हे रोज पटते. अडाणी म्हातारीच्या शेजारी एखादा हसतमुख माणूस उभा असतो. ‘मावशी, इथे अंगठा लावा, बाकी मी बघतो,’ असे तो म्हणतो. तो कधी खरा मदतनीस असतो, तर कधी छोटा हिंदुराव असतो. चेहऱ्यावरून फरक कळत नाही. म्हणून विद्यार्थ्यांनी आपल्या घरातील प्रत्येक कागद सही होण्यापूर्वी मोठ्याने वाचून दाखवावा. शिक्षणाचा हा पहिला उपयोग आहे.

१९७९ च्या ‘सिंहासन’मध्ये मात्र निळूभाऊ पत्रकार दिगू टिपणीस होते. सत्तेचा खेळ जवळून पाहणारा हा साधा माणूसही त्यांनी तितक्याच ताकदीने उभा केला. ‘सखाराम बाइंडर’ या नाटकातील सखारामही त्यांचाच. १९९१ साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला.

पडद्यावर शोषक रंगविणारा हा माणूस प्रत्यक्षात शोषितांच्या बाजूने उभा होता. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामाला त्यांनी साथ दिली. तळागाळात काम करणाऱ्या कार्यकर्त्यांना दरमहा मानधन मिळावे म्हणून सामाजिक कृतज्ञता निधी उभा राहिला, तेव्हा डॉ. लागूंसोबत त्यांनी ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग करून पैसा जमविला. ज्या कलेने नाव दिले, तीच कला त्यांनी समाजाच्या कामी लावली. १३ जुलै २००९ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले.

विद्यार्थी मित्रांनो, प्रत्येकाला नायकाची जागा मिळत नाही. संस्थेत अध्यक्ष एकच असतो, सतरंज्या उचलणारे मात्र अनेक लागतात. निळूभाऊंनी वाट्याला आलेली दुय्यम जागा इतकी चोख सांभाळली की तिच्यावाचून चित्र अपुरे वाटावे. आपणही आपापले काम तसेच करावे, एवढीच अपेक्षा व्यक्त करतो आणि आपली रजा घेतो.

जय भीम.