गर्भाशयाचें अस्तर आणि कर्करोगाची पूर्वसूचना

(नभोवाणीवरून झालेलें भाषण)

शरीराच्या ज्या कांहीं तक्रारी आपल्या घरांतून मोकळ्या मनानें बोलल्या जात नाहींत, त्यांपैकीं एकीविषयीं आज मला बोलावयाचें आहे. डोकें दुखलें किंवा गुडघा धरला, तर घरांतल्या चार माणसांना कळतें. पण पाळी जाऊन तीन-चार वर्षें झाल्यावर एखाद्या दिवशीं पुन्हां रक्ताचा डाग दिसला, तर गृहिणी तें कोणाला सांगत नाहीं. "उष्णता झाली असेल," असें म्हणून ती गुलकंद खाते, आणि डाग थांबला कीं ती गोष्टही विसरून जाते. उलट असेंही घडतें, कीं एखादी चाळिशींतली बाई अंगावरून जास्त जातें म्हणून सोनोग्राफी करून घेते, "अस्तर जाड झालें आहे" एवढें एक वाक्य कागदावर वाचते, आणि त्याच दिवशीं घरांत कॅन्सरचें भय शिरतें. "पिशवी काढून टाका, म्हणजे कटकट मिटली," असें सांगणारेही तेवढ्यांत भेटतातच. या दोन्ही चुका आहेत. पहिलींत वेळ हातचा जातो, दुसरींत अवयव हकनाक जातो. या दोहोंच्या मधला शहाणपणाचा मार्ग कोणता, तें सांगणें हा आजच्या भाषणाचा हेतु आहे.

प्रथम हें अस्तर म्हणजे काय, तें पाहूं. गर्भाशय ही जाड स्नायूंची, मुठीपेक्षांही लहान अशी एक पिशवी आहे. तिच्या पोकळीला आंतून सूक्ष्म ग्रंथींनीं व रक्तवाहिन्यांनीं भरलेलें मऊ अस्तर असतें. दर महिन्यास तें नवें तयार होतें, आणि गर्भ न राहिल्यास गळून पडतें, तीच पाळी. या कामावर निसर्गानें दोन अंतःस्रावांची नेमणूक केली आहे. पहिला इस्ट्रोजेन, तो अस्तर वाढवितो. दुसरा प्रोजेस्टेरॉन, बीजकोशांतून स्त्रीबीज सुटलें म्हणजे त्या महिन्यापुरता तो मुबलक तयार होतो, वाढीला आवर घालतो आणि अस्तराला पक्व करतो. कोंकणांतल्या कोणाही शेतकऱ्यास विचारा. पावसानें भाताचें रोप वाढतें, पण दाणा भरावयास उघडीप लागते. उघडीप मिळालीच नाहीं, तर पीक नुसतेंच माजतें. इस्ट्रोजेन हा पाऊस आहे, आणि प्रोजेस्टेरॉन ही उघडीप.

एकट्या इस्ट्रोजेनचा अंमल लांबत गेला, तर अस्तरांतील ग्रंथी दाटीवाटीनें वाढूं लागतात. या स्थितीला वैद्यकशास्त्रांत 'एंडोमेट्रियल हायपरप्लेझिया' असें नांव आहे. आपण तिला अस्तराची अतिवृद्धि म्हणूं. ती होण्याचीं कारणें एकाच सूत्रांत ओंवतां येतात. पाळी जाण्याच्या सुमारास पुष्कळ महिने स्त्रीबीज सुटतच नाहीं. मग प्रोजेस्टेरॉन कोठून येणार? ज्या तरुण मुलींना पीसीओएसचा विकार असून ज्यांची पाळी दोन-दोन, चार-चार महिने येत नाहीं, त्यांचेंही तेंच. लठ्ठपणा हें आणखी एक मोठें कारण. चरबी म्हणजे निव्वळ सांठविलेलें तेलतूप नव्हे. शरीरांतील दुसऱ्या अंतःस्रावांचें रूपांतर तींत इस्ट्रोजेनमध्यें होत असतें. म्हणून बीजकोशांचें काम थांबल्यावरही स्थूल स्त्रीच्या शरीरांत तो बनत राहतो. स्तनाच्या कर्करोगावर दिलें जाणारें टॅमॉक्सिफेन हें औषध स्तनावर इस्ट्रोजेनच्या उलट परिणाम करतें. पण पाळी गेलेल्या स्त्रीच्या गर्भाशयाच्या अस्तरावर तें इस्ट्रोजेनसारखेंच वागतें. क्वचित् बीजकोशांतील एखादी गाठच हा स्राव निर्माण करते. याशिवाय ज्या कुटुंबांत मोठ्या आंतड्याचा व गर्भाशयाचा कर्करोग पिढ्यान् पिढ्या दिसतो, त्यांत लिंच सिंड्रोम नांवाचा आनुवंशिक दोष असण्याचा संभव असतो. अशा घरांतील स्त्रियांनीं विशेष सावध असावें.

आवर नसलेलें इस्ट्रोजेन काय करूं शकतें, याचा पुरावा मोठी किंमत मोजून मिळाला. १९६६ सालीं अमेरिकेंत डॉक्टर रॉबर्ट विल्सन यांचें 'फेमिनिन फॉरेव्हर' हें पुस्तक निघालें. इस्ट्रोजेन घेत राहिल्यास स्त्रीचें तारुण्य टिकतें, असा त्याचा सूर होता, आणि लक्षावधि स्त्रिया त्या गोळ्या घेऊं लागल्या. डिसेंबर १९७५ मध्यें 'न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन' या नियतकालिकांत दोन निबंध एकदम प्रसिद्ध झाले. या गोळ्या घेणाऱ्या स्त्रियांत गर्भाशयाच्या अस्तराचा कर्करोग कितीतरी पटींनीं अधिक आढळतो, असें त्यांत दाखविलें होतें. पुढें 'पेपी' या नांवानें ओळखल्या जाणाऱ्या अमेरिकन प्रयोगांत तीन वर्षें तुलना करण्यांत आली. तिचे निष्कर्ष १९९६ सालीं बाहेर आले. नुसतें इस्ट्रोजेन घेणाऱ्या शंभर स्त्रियांपैकीं सुमारें ६२ जणींच्या अस्तरांत कोणत्या तरी प्रकारची अतिवृद्धि झाली. औषधाच्या नांवाखालीं निरुपद्रवी गोळी घेणाऱ्या स्त्रियांत हें प्रमाण शेंकडा दोनच होतें. आणि इस्ट्रोजेनच्या जोडीला प्रोजेस्टेरॉनच्या जातीचें औषध दिलेल्या स्त्रिया जवळजवळ या दुसऱ्या गटाइतक्याच सुरक्षित राहिल्या. ज्या स्त्रीचें गर्भाशय शाबूत आहे, तिला एकटें इस्ट्रोजेन देऊं नये, हा नियम यांतूनच दृढ झाला.

आतां मुख्य प्रश्न: अतिवृद्धि म्हणजे कर्करोग का? नव्हे. परंतु सगळी अतिवृद्धि सारखीही नव्हे. कुर्मन आणि त्यांचे सहकारी यांनीं १९८५ सालीं १७० स्त्रियांचा वृत्तांत प्रसिद्ध केला. त्यांचें गर्भाशय न काढतां कित्येक वर्षें त्यांच्या प्रकृतीकडे लक्ष ठेवण्यांत आलें होतें. ज्यांच्या अस्तरांत केवळ ग्रंथींची गर्दी होती, पण पेशींचें रूप बिघडलें नव्हतें, त्यांच्यांत कर्करोग शंभरांत एक ते तीन जणींनाच झाला. जेथें पेशींचें केंद्र, आकार व मांडणी हींच बिघडलेलीं होतीं आणि ग्रंथीही गुंतागुंतीच्या झाल्या होत्या, तेथें मात्र हें प्रमाण शेंकडा २९ पर्यंत गेलें. पेशींच्या या बिघाडाला 'अटिपिया' म्हणतात. पूर्वीं या विकाराचे चार प्रकार मानीत; २०१४ सालीं जागतिक आरोग्य संघटनेनें ते दोनांवर आणले: अटिपिया नसलेला आणि अटिपिया असलेला. श्रोतेहो, आजच्या भाषणांतील एकच शब्द लक्षांत ठेवावयाचा असेल, तर तो हा. अहवालावर तो आहे कीं नाहीं, यावर पुढचें सारें अवलंबून असतें.

पण हा शब्द सोनोग्राफीच्या कागदावर सांपडत नाहीं. सोनोग्राफी फक्त जाडी मोजते. पाळी गेलेल्या स्त्रीला रक्तस्राव झाला आणि योनिमार्गानें केलेल्या सोनोग्राफींत अस्तर चार मिलिमीटर किंवा त्याहून पातळ भरलें, तर कर्करोगाचा संभव फारच थोडा असतो. तरीही स्राव पुन्हां झाला, तर तपास पुढें न्यावाच लागतो. जिची पाळी चालू आहे, तिचें अस्तर मात्र महिन्याच्या दिवसांप्रमाणें आपोआपच जाड-पातळ होत असतें. तेथें नुसत्या आंकड्यावरून घाबरण्यांत अर्थ नाहीं. खरा निकाल अस्तराचा तुकडा सूक्ष्मदर्शकाखालीं पाहिल्यावरच लागतो. यालाच बायॉप्सी म्हणतात. पूर्वीं यासाठीं भूल देऊन पिशवी खरवडावी लागे. १९८४ सालीं कॉर्निये या फ्रेंच डॉक्टरांनीं 'पिपेल' नांवाच्या बारीक, लवचीक नळीची माहिती प्रसिद्ध केली, आणि हें काम पुष्कळदां दवाखान्यांतच, भूल न देतां, कांहीं मिनिटांत होऊं लागलें. पोटांत कळ येते, पण ती बहुधा लवकरच शमते. नळीनें पुरेसा नमुना मिळाला नाहीं, अथवा आंत मांसल कोंब असल्याचा संशय असला, तर दुर्बिणीनें पोकळी प्रत्यक्ष पाहून तुकडा घेतात. एक गैरसमज येथेंच दूर करतों: 'पॅप' तपासणी ही गर्भाशयाच्या मुखासाठीं आहे, ती निर्दोष आली म्हणून आंतलें अस्तरही निर्दोष आहे, असें होत नाहीं.

तुकड्यांत अटिपिया आढळला नाहीं, तर निश्चिंत होण्यास पुष्कळ जागा आहे. अशा अतिवृद्धीचें वीस वर्षांत कर्करोगांत रूपांतर होण्याचा संभव शंभरांत पांचांहून कमी मानला जातो, आणि कारण दूर केल्यास ती पुष्कळदां आपोआप ओसरते. वजन उतरविणें, चालू असलेल्या औषधांचा फेरविचार करणें, ही पहिली पायरी. दुसरी पायरी म्हणजे शरीराला जी उघडीप मिळत नाहीं, ती बाहेरून देणें. प्रोजेस्टेरॉनच्या जातीच्या गोळ्या कांहीं महिने रोज घेतां येतात. किंवा लेव्होनॉरजेस्ट्रेल हें औषध थोडें थोडें सोडणारें, इंग्रजी टी अक्षराच्या आकाराचें लहानसें साधन गर्भाशयांत बसवितां येतें. आपल्याकडे तें 'मिरेना' या नांवानें ओळखीचें आहे. संततिनियमनासाठीं फिनलंडमध्यें १९९० सालीं तें प्रथम विक्रीस आलें. नॉर्वेंतील एका प्रयोगाचे निष्कर्ष २०१४ सालीं प्रसिद्ध झाले. त्यांत सहा महिन्यांच्या उपचारानंतर हें साधन बसविलेल्या सर्वच स्त्रियांची अतिवृद्धि ओसरली होती. रोज गोळ्या घेणाऱ्यांत शेंकडा ९६ जणींची, आणि महिन्यांतील दहाच दिवस गोळ्या घेणाऱ्यांत शेंकडा ६९ जणींची. उपचार मध्येंच सोडूं नये, हा यांतील धडा आहे. औषध बंद झाल्यावर विकार उलटूंही शकतो. म्हणून सहा-सहा महिन्यांनीं पुन्हां तुकडा तपासून, लागोपाठ दोन वेळां तो निर्दोष आल्यावरच निर्धास्त व्हावयाचें.

अटिपिया आढळला, तर भाषा बदलते. अमेरिकेंत २००६ सालीं प्रसिद्ध झालेल्या एका पाहणींत असें निदान झालेल्या २८९ स्त्रियांचीं गर्भाशयें काढून तपासलीं, तेव्हां १२३ जणींत, म्हणजे शेंकडा सुमारें ४३ जणींत, कर्करोग आधींच हजर होता. लहानशा तुकड्यांत तो सांपडला नव्हता. म्हणून येथें गर्भाशय काढण्याचा सल्ला योग्यच असतो, आणि त्यांत चालढकल करूं नये. पाळी गेली असल्यास बीजकोशही काढतात. तरुणपणीं ते ठेवावे कीं काढावे, याचा विचार स्त्रीगणिक निराळा होतो. पण जिला अद्याप मूल हवें आहे, तिचें काय? कर्करोग नसल्याची शक्य तितकी खात्री करून घेऊन, तज्ज्ञांच्या देखरेखीखालीं, दर तीन महिन्यांनीं बायॉप्सी करीत, वर सांगितलेल्या औषधांनीं तिला अवधि मिळवून देतां येतो. तो अवधि आहे, कायमची सुटका नव्हे. मूल झाल्यावर गर्भाशय काढणेंच हिताचें ठरतें. हें त्या पतिपत्नींना आधींच स्पष्ट सांगितलें पाहिजे.

आतां घाईच्या शस्त्रक्रियेविषयीं. बीड जिल्ह्यांतील ऊसतोडणी करणाऱ्या स्त्रियांचा प्रश्न २०१९ सालीं महाराष्ट्रापुढें आला. सरकारी समितीच्या पाहणींत ८२,३०९ स्त्रियांपैकीं १३,८६१ जणींचें गर्भाशय काढलेलें आढळलें. त्यामागें मजुरी बुडण्याचीं, कष्टांचीं आणि गैरसोयींचीं कारणें होतींच. पण "नाहीं काढलें तर कॅन्सर होईल," असें भय आपणांस घालण्यांत आलें, असेंही अनेकींनीं सांगितलें. शहरांतील सुशिक्षित घरांनीं हें परक्याचें दुःख म्हणून ऐकूं नये. तें भय आपल्याही दिवाणखान्यांत येतें. फरक इतकाच, कीं आपणांस प्रश्न विचारण्याची सोय आहे. "तुकडा तपासला आहे का? अहवालांत अटिपिया आहे का? बीजकोश ठेवणार कीं काढणार, आणि कां?" हे तीन प्रश्न विचारण्यांत डॉक्टरांचा अवमान नाहीं.

आणि घाईइतकाच विलंबही वाईट. बारा महिने पाळी आली नाहीं, म्हणजे ती गेली असें धरतात. त्यानंतर दिसलेला रक्ताचा एकही डाग तपासून घेतलाच पाहिजे. अशा स्रावाच्या दहा स्त्रियांपैकीं सुमारें नऊ जणींत कर्करोग निघत नाहीं, हें धीर देणारें आहे. पण अस्तराचा कर्करोग झालेल्या, पाळी गेलेल्या दहांपैकीं नऊ स्त्रियांत असा स्राव झालेला असतो, हेंही तितकेंच खरें. हा रोग बहुधा सूचना देऊन येतो, आणि ती वेळींच वाचली तर पुष्कळदां रोग होण्यापूर्वींच थोपवितां येतो. पंचेचाळिशीनंतर पाळी लांबत असेल, मध्येंच डाग पडत असतील, किंवा कमी वयांतही स्थूलपणासह पाळी महिनोन् महिने चुकत असेल, तर त्याही स्त्रीनें थांबूं नये.

शेवटीं एक विनंति घरांतील पुरुषांना व वाढत्या मुलांना. आई डॉक्टरकडे जात नाहीं, याचें कारण पुष्कळदां अज्ञान नसतें. तिची तक्रार कानांवर घेण्यास कोणी तयार नसतो, हें असतें. ती मोकळेपणानें सांगूं शकेल, एवढी जागा घरांत ठेवा. पुढचें काम डॉक्टरांचें आहे.